बहात्तर पाट्यांचं उदाहरण

मगर गुरुजींनी फळ्यावर उदाहरण लिहिलं, हाताचा खडू झटकला आणि वर्गाला नीट वाचता यावं म्हणून ते खिडकीकडे सरकून उभे राहिले.

‘एका होडीला बहात्तर पाट्या मासळी मिळाली. होडीवर एक तांडेल आणि तीन खलाशी आहेत. होडी, जाळं, तांडेल आणि प्रत्येक खलाशी यांच्या वाट्यांचं गुणोत्तर २ : १ : २ : १ आहे. तर प्रत्येक खलाशाला किती पाट्या मिळतील?’

सातवीच्या वर्गात आमच्या बंदरावरचं गणित कोणी घालण्याची ती पहिलीच वेळ. तोवर गुणोत्तराच्या धड्यात दोन मित्र भांडवल घालून दुकान काढायचे, नाहीतर गवळी दुधात पाणी मिसळायचा. आम्ही ती उदाहरणं सोडवायचो, कारण ती सोडवायची असतात. हे वाचताना मात्र मागच्या बाकावरची मुलंसुद्धा सरळ बसली.

गुरुजी सांगोल्याकडचे. नोकरीवर रुजू व्हायला आले तेव्हा त्यांनी समुद्र पहिल्यांदा पाहिला. त्यांच्या आडनावावरून बंदरावर थट्टा चालायची. बायका म्हणायच्या, “आमच्या खाडीत मगर आली गो, पण ती मासळीला तोंड लावत नाय, शेंगदाण्याची चटणी खाते.” गुरुजींच्या कानावर ते गेलं होतं आणि ते स्वतःच दुसऱ्यांना सांगायचे. माणूस मेहनती होता. मुलांना पटेल असं उदाहरण हवं म्हणून आदल्या रविवारी ते किनाऱ्यावर गेले होते, होडी चालवणाऱ्या धर्मा तांडेलाला वाटे कसे घालतात ते विचारलं होतं आणि त्याच्या होडीवरून उतरलेली माणसं मोजली होती.

आम्ही वह्यांवर वाकलो. गुरुजी बाकांमधून फिरू लागले. पहिल्या रांगेत ते मान डोलावत आले, दुसऱ्या रांगेत थांबले, मग पुन्हा पहिल्या रांगेकडे गेले. शेवटी टेबलापाशी जाऊन उभे राहिले.

“अरविंद, उत्तर सांग.”

अरविंद पोस्टमास्तरांचा मुलगा. “नऊ पाट्या, गुरुजी.”

“बरोबर. वर्गात नऊ एकट्यानं लिहिलंय. बाकी सगळ्यांनी आठ. सगळ्यांनी. आता मला सांगा, कोणी कोणाचं पाहून लिहिलं?”

सगळे आपापल्या वह्यांकडे बघू लागले.

“गोविंद, ऊठ. भागांची बेरीज कर.”

“होडीचे दोन, जाळ्याचा एक, तांडेलाचे दोन, खलाशांचे चार. नऊ.”

“फळ्यावर खलाशी किती लिहिलेत?”

गोविंदने फळ्याकडे पाहिलं. “तीन.”

“मग चार कुठून आणलेस?”

गोविंदने मान खाली घातली. गुरुजींची नजर माझ्या शेजारी बसलेल्या मंजुळेवर आली. “मंजुळा, तू तरी सांग.”

“गुरुजी, ही धर्माकाकांचीच होडी ना?”

“असं समज. मग?”

“तिच्यावर चार खलाशी हायेत.”

“मी रविवारी स्वतः मोजलेत. तीन आहेत.”

“पण वाटे चार जणांचे घालतात.”

“मी माणसं विचारतोय मंजुळा, वाटे नाही. चौथा माणूस कुठं आहे?”

बाकाखाली मंजुळेचा गुडघा माझ्या गुडघ्याला लागला होता, तो तिने तसाच दाबून ठेवला. मला कोणी विचारलं नव्हतं. मी उभी राहिले.

“चौथा माझा बाबा, गुरुजी.”

“बरं. मग रविवारी आला नव्हता का कामाला?”

मागे कोणीतरी खोकलं.

“नवरात्रात गेला, तो अजून आला नाय,” मी म्हणाले.

गुरुजींनी डस्टर उचललं होतं. ते त्यांनी परत टेबलावर ठेवलं. “बस, बाळ,” ते म्हणाले. पुढचा तास त्यांनी भूगोल वाचून दाखवला. उदाहरण फळ्यावर तसंच राहिलं.

माझा बाबा हसुराम धर्मा तांडेलाच्या होडीवर खलाशी होता. दसऱ्याच्या आधी अचानक वारा फिरला, शिडाची काठी एकदम आडवी आली आणि तो पाण्यात गेला. बाकीच्यांनी पुष्कळ शोधलं. तो मिळाला नाही, त्याचं काहीच मिळालं नाही.

आमच्या बंदराची रीत अशी की, समुद्रावरून न परतलेल्या माणसाचा वाटा बंद होत नाही. घरधनीण स्वतः तोंडाने सांगेपर्यंत तो घातला जातो. ती सांगेपर्यंत माणूस होडीवर आहे. तिच्या कपाळाचं कुंकू, हातातला चुडा जिथल्या तिथे राहतो. तिला कोणी विचारायचं नाही, सुचवायचं नाही, आडून बोलायचं नाही. आणि त्याच्या जागी दुसरा माणूस घ्यायचा नाही, कारण जागा रिकामी नाही.

वाटे घालण्याचीही एक रीत होती. होडी लागली की वाळूवर मासळीचे सारखे नऊ ढीग करायचे. मग प्रत्येकाने आपली खूण द्यायची. तांडेलाच्या खुणा दोन, त्या तांब्याच्या कड्या. होडीचे दोन खिळे, जाळ्याचा एक शिसाचा मणी, आणि खलाशांच्या आपापल्या. काशिनाथकाकाची, म्हणजे मंजुळेच्या बापाची, खूण होती शंखाचा तुकडा. बाबाची होती निळी काच. कुठल्याशा बाटलीची, लाटांनी घासून गुळगुळीत झालेली. या खुणा होडीवरच्या डब्यात असत. सगळ्या एका लहान मुलाच्या ओंजळीत द्यायच्या, त्याने ढिगांकडे पाठ करायची आणि मागे सरकत, न बघता एकेका ढिगावर एकेक टाकायची. मोठा ढीग, छोटा ढीग असा वाद मग राहत नाही. धर्मा तांडेलाच्या होडीला ते काम बरीच वर्षं माझ्याकडे होतं. बाबा गेल्यावरही धर्माकाका सगळ्या खुणा माझ्या ओंजळीत द्यायचा. त्यात निळी काच असायची. ज्या ढिगावर ती पडे, तो आई पाटीत भरायची.

भर किनाऱ्यावर, सगळ्यांच्या देखत ती पाटी डोक्यावर घ्यायची. घरी मात्र ती मासळी आम्ही कधी शिजवली नाही. आई त्यावर फडकं घालायची आणि मला पाठवायची. एक दिवस काशिनाथकाकाच्या मागच्या दारी, पुढच्या खेपेला दुसऱ्या खलाशाच्या. “आयनं जास्तीची दिलीय म्हणून सांग,” एवढंच सांगायचं. आमचं घर आईच्या सोडे, म्हणजे सुकवायची कोळंबी, सोलण्यावर चालायचं.

त्या दिवशी संध्याकाळी गुरुजी घरी आले. वाट दाखवायला अरविंद होता, तो बाहेरच थांबला. आईने कोरा चहा केला. गुरुजी चटईवर अवघडून बसले.

“वहिनी, मला माहीत नव्हतं.”

“तुमाला कोण सांगणार? तुमी घाटावरचे.”

“पोरीला वर्गात उभं राहावं लागलं माझ्यामुळं.”

“उभी राह्यली ना? बरं झालं. बापाचं नाव घ्यायला बसून कशाला राह्यची?”

गुरुजींनी चहाचा घोट घेतला. आई चुलीपाशी बसली होती. तिने विचारलं, “उत्तर काय होतं गुरुजी तुमचं?”

“राहू द्या ते.”

“सांगा. मी शाळेत गेले नाय, म्हणून विचारते.”

“नऊ.”

“आणि पोरांनी आठ लिवलं.”

“हो.”

“म्हंजे एकेकाची एक पाटी कमी होते.”

“वहिनी, ते नुसतं गणित आहे. त्याचा तसा अर्थ घेऊ नका.”

“अर्थ मी घेत नाय. मला ठाऊकच हाय.” तिने जळतं लाकूड थोडं मागे ओढलं. “पण तुमचं गणित एका जागी चुकलंय. बहात्तर पाट्या तुमी कुठनं आणल्यात? एवढं जाळं ओढायला पाच माणसं लागतात. चारजणांत ओढलं तर मासळी निम्मी खालीच राहते. आता बहात्तर कुठल्या मिळतात?”

गुरुजींनी कप खाली ठेवला. निघताना दारात थांबले. “ते उदाहरण मी पुसून टाकतो,” म्हणाले.

“तुमची शाळा, तुमचा फळा,” आई म्हणाली.

दुसऱ्या दिवशी फळा पुसलेला होता. पुढचे कित्येक दिवस गुरुजींनी सिमेंट आणि वाळू, तांदूळ आणि डाळ, नकाशावरचं अंतर आणि खरं अंतर अशी उदाहरणं घातली. होडी आली नाही. आमच्या वर्गाने ती सगळी बरोबर सोडवली. मुलांना गुणोत्तर येत नव्हतं असं नव्हतंच.

शिमग्याला दीड महिना होता तेव्हा काशिनाथकाकाचा खांदा निखळला. जाळं ओढताना दोर सुटला, त्याच्या झटक्याने तो फळीवर आपटला. होडी परत आली ती जवळजवळ रिकामी. ढीग झाले ते मूठमूठ मासळीचे. त्या दिवशी मंजुळा शाळेत आली, बाकावर माझ्या शेजारीच बसली. बापाचं काय झालं ते तिने मला सांगितलं नाही. मला ते वाण्याच्या दुकानात कळलं.

संध्याकाळी आई म्हणाली, “आज मी येते.” पाटी तिने स्वतः घेतली.

आम्ही मागच्या दाराने गेलो. काशिनाथकाका ओटीवर भिंतीला टेकून बसला होता. हात गळ्यात बांधलेला. आईला पाहून त्याने उठायचा प्रयत्न केला.

“बसा भावजी. खांदा कसा हाय?”

“उतरलाय. पडला नाय, वैनी.”

“मासळी आणलीय. थोडीच हाय.”

“पुढच्या दारानं आणली असतीस तरी चाललं असतं,” तो म्हणाला. “आमाला काय ठाऊक नाय व्हय? इतके दिवस खातोय ना तुझी मासळी.”

आत मंजुळेची आई भाकऱ्या थापत होती. थापण्याचा आवाज क्षणभर थांबला, मग पुन्हा सुरू झाला.

आई उंबऱ्यावर टेकली. “दोर कसा सुटला?”

“ओला होता.”

“दोर रोजच ओला असतो, भावजी.”

काशिनाथकाकाने बांधलेला हात जरा वर घेतला. “होतं कधी कधी.”

“तुमच्यासमोर दोराला कोण होतं?”

तो गळ्यातल्या फडक्याची गाठ चाचपू लागला.

“मी विचारते त्याचं सांगा. समोरच्या अंगाला कोण होतं?”

“समोर हसूची जागा,” काशिनाथकाका म्हणाला.

आईने मान हलवली. मंजुळा पाण्याचा तांब्या घेऊन आली, तो आईने घेतला, पाणी प्यायली आणि उठली.

परतताना वाटेत तिने विचारलं, “चांगू, तुझ्या गुरुजींनी ते पुन्यांदा घातलं काय गो?”

“काय?”

“होडीचं.”

“नाय. आता सिमेंट-वाळूचं घालतात.”

तिने पदर खोचला आणि ती पुढे चालू लागली.

काशिनाथकाकाचा हात चालायला लागला आणि होडी पुन्हा पाण्यात गेली. ती लागली त्या दिवशी आई पाटी न घेताच किनाऱ्यावर आली. मी ते पाहिलं, पण तिला विचारलं नाही. माणसांनी ढीग केले. मांदेली होती, थोडे बोंबील. धर्माकाकाने डबा उघडला आणि खुणा माझ्या ओंजळीत दिल्या. मी पाठ करायला वळले, तेवढ्यात आई पुढे आली. तिने माझ्या ओंजळीत दोन बोटं घातली आणि निळी काच उचलली.

“धर्माभावजी,” ती म्हणाली, “उद्यापासनं माणूस घ्या.”

धर्माकाका वाकलेला होता. तो सरळ झाला. बाकीचे जिथे होते तिथेच राहिले.

“वैनी, कोणी काय बोललं काय तुला?”

“कोणी नाय बोललं. कोणी बोललं असतं तर मी अजून वर्षभर वाटा घेतला असता.”

“शिमगा होऊ दे. मंग बघू.”

“शिमग्याला होडी पुजाल ना? मंग माणूस कमी ठेवून पुजू नका.”

काशिनाथकाका म्हणाला, “माझ्या खांद्यापायी करत असशील तर नको करू, वैनी. आमी चौघं ओढू.”

“तुमच्या खांद्यापायी नाय.” तिने काच पदराच्या टोकाला बांधली. “समोर त्याची जागा म्हणता तुमी. त्या जागेवर कोणी नाय, हे तुमाला दिसतं, मला दिसत नाय असं वाटलं तुमाला?”

समोर नऊ ढीग होते आणि माझ्या ओंजळीत आठ खुणा. काय करायचं ते मला कळेना. मी धर्माकाकाकडे पाहिलं. तो गुडघ्यावर बसला, नवव्या ढिगाखाली दोन्ही हात घातले आणि ती मासळी बाकीच्या आठांवर सारखी पसरली. त्याला बराच वेळ लागला. एरवी तो भराभरा वाटे करायचा. त्या दिवशी एकेक मांदेली उचलून ठेवत होता.

“टाक,” तो मग मला म्हणाला. मी पाठ केली आणि टाकल्या.

मग बाबाचा अंत्यविधी झाला. त्याचा देह नव्हता, म्हणून दर्भाचा पुतळा केला. भटजींनी त्याची एखादी वापरातली वस्तू मागितली. आईने सदरा दिला. काच दिली नाही. चुडा तिने स्वतःच्या हाताने उतरवला, ज्या बायका त्यासाठी जमल्या होत्या त्यांना तिने अंगणातच बसवून चहा दिला.

शिमग्याच्या आत नवा खलाशी आला. जयराम नाव, पलीकडच्या गावचा, नुकतं लग्न झालेला. त्याची खूण म्हणून त्याने सोड्याच्या बाटलीचं पत्र्याचं बूच आणलं होतं. धर्माकाकाने ते हातात घेऊन उलटंसुलटं पाहिलं.

“हे गंजेल,” तो म्हणाला.

“गंजलं की दुसरं आणीन,” जयराम म्हणाला. कोणी हसलं नाही, तेव्हा तो ओशाळला. “म्हंजे, तोवर चालंल ना?”

“चालंल,” धर्माकाका म्हणाला.

त्या खेपेला होडी भरून आली होती. वाळूवर पुन्हा नऊ ढीग झाले. मी पाठ केली आणि मागे सरकत खुणा टाकल्या. वळून पाहिलं तर खिळे, कड्या, मणी, शंखाचा तुकडा, सगळं एकेका ढिगावर. सगळं पूर्वीसारखं होतं. एका ढिगावर बूच होतं. आई त्या दिवशी किनाऱ्यावर आली नव्हती. जयरामच्या बायकोने पाटी भरली. तिने निघताना माझ्याकडे पाहिलं आणि काहीतरी द्यावं म्हणून पाटीत हात घातला. काशिनाथकाकाने तिला लांबूनच मानेने नको म्हटलं.

परीक्षा तोंडावर आली तेव्हा गुरुजींनी गुणोत्तराचा धडा पुन्हा काढला. दोन मित्रांचं दुकान झालं, दुधातलं पाणी झालं. “कोणाला काही शंका?” त्यांनी विचारलं.

मी हात वर केला. “गुरुजी, ते होडीचं राह्यलं.”

गुरुजींनी पुस्तक मिटलं. “ते राहू दे, चांगुणा. तसं उदाहरण परीक्षेला येणार नाही.”

“खलाशी आता चार हायेत,” मी म्हणाले.

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. त्यांना गावातलं सगळं आता कळत असे, हेही कळलं असणार. ते फळ्याकडे वळले आणि सावकाश लिहू लागले. बहात्तर पाट्या. एक तांडेल. तीन लिहायच्या जागी त्यांचा हात थोडा अडखळला, मग त्यांनी चार लिहिलं. खडू माझ्यापुढे धरला.

“ये. तूच सोडव.”

मी फळ्यापाशी गेले. होडीचे दोन, जाळ्याचा एक, तांडेलाचे दोन, खलाशांचे चार. एकूण भाग नऊ. बहात्तर भागिले नऊ.

मागे वर्गात कोणी लिहून घेत नव्हतं. सगळ्यांच्या वह्यांत ते आधीपासूनच होतं. मी आठ लिहिलं आणि बाजूला झाले.

गुरुजींनी त्या आठाखाली रेघ मारली, आणि पुढे लिहिलं : बरोबर.